पॅरिस : रचलेल्या आणि मोडलेल्या बॅरिकेड्सच्या जागा

गुरुवार

भाच्याला मी फोनवरच सांगून टाकलं होतं की आयफेल टॉवर, बोटीतली सैर, अत्तरांची दुकानं हे सगळं तुझ्या आईसाठी ठेव. मला या शहरात जिथे जिथे लोकांनी रस्ते अडवले त्या जागा बघायच्यात. तो हसला. "अगं मावशी, तिथं आता बघायला काहीच नाहीये. बॅरिकेड रचतात आणि मोडतात. कोण जपून ठेवणार?"

बरोबर होतं त्याचं. पण बँकेच्या नोकरीत युनियनमुळे आझाद मैदानापर्यंत बरेच मोर्चे चाललेय मी. आपल्याकडचं बॅरिकेड पोलिसांचं असतं. पिवळं, लोखंडी, खाली चाकं. मोर्चा त्याच्यापाशी येतो, घोषणा होतात, शिष्टमंडळ आत जातं, बाकीचे वडापाव खाऊन घरी. लोकांनीच रचलेलं आणि सैन्याला अडवणारं बॅरिकेड मी फक्त चित्रात पाहिलेलं. ते कधी टिकलं, कधी कोसळलं आणि त्यातल्या कोणाची आठवण शहराने ठेवली, हे चालत चालत समजून घ्यायचं होतं.

सुरुवात बॅस्टिलपासून. किल्ला १७८९ मध्येच पाडला, चौकात उभा आहे तो जुलै स्तंभ. टोकावर सोनेरी पंखांचा, एका पायावर उभा असलेला पुतळा. आजूबाजूचे पर्यटक त्याला १७८९ च्या क्रांतीचा खांब समजून फोटो काढत होते. प्रत्यक्षात तो १८३० चा. राजा दहाव्या चार्ल्सने वृत्तपत्रांचं स्वातंत्र्य गुंडाळलं, नवी निवडून आलेली सभा बरखास्त केली आणि मतदारयादी आणखी आखडली. सगळ्यात आधी रस्त्यावर आले छापखान्यांतले कामगार, कारण त्यांच्या पोटावरच पाय आला होता. २७ ते २९ जुलै, तीन दिवस. गल्ल्यागल्ल्यांतून चार हजारांच्या आसपास बॅरिकेड्स उभी राहिली, सैन्यातल्या तुकड्या फुटल्या आणि राजा इंग्लंडला पळाला. मेलेल्यांपैकी ५०४ जणांची नावं खांबावर कोरलीत, खाली तळघरात त्यांचे अवशेष आहेत. त्यांच्यात चुकून दोन इजिप्शियन ममीसुद्धा पुरल्या गेल्या असं सांगतात. लूव्रमधल्या ममी सडायला लागल्या म्हणून जवळच पुरल्या होत्या, आणि पुढे हुतात्म्यांची हाडं हलवताना त्याही उचलल्या गेल्या म्हणे. खरं असेल तर फेरोंच्या काळातले दोघे जण फुकटात क्रांतिकारक झाले.

गुरुवार असल्यामुळे चौकाला लागून रिशार-लनुआर बुलेव्हारवर बाजार भरला होता. चीज, मासळी, मशरूमचे ढीग. या बाजाराखालून कालवा वाहतो. सँ-मार्तँचा हा कालवा पूर्वी उघडा होता आणि जून १८४८ च्या कामगारांच्या बंडात बंडखोरांनी त्याचा खंदक केला होता. पुढे तिसऱ्या नेपोलियनच्या काळात पॅरिस पाडून नव्याने बांधणाऱ्या ओसमान या अधिकाऱ्याने कालव्याची पातळी खाली नेली आणि त्याच्यावर छत घालून रुंद रस्ता केला. बोटी आजही खालच्या बोगद्यातून जातात. वर भाजी घेणाऱ्या बाईला आपण एका खंदकावर उभ्या आहोत याचा पत्ता नसतो.

मग फोबूर सँ-आंत्वान हा सुतारांचा मोहल्ला. आता फर्निचरची मोजकी दुकानं उरलीत, पण फाटकातून आत शिरलं की फरसबंदीची लांबट अंगणं आणि दोन्ही बाजूंना जुनी कारखानेवजा घरं दिसतात. बॅरिकेडला लागणारं लाकूड इथे दारातच तयार असायचं! रस्त्याच्या तोंडाशी २५ जून १८४८ च्या संध्याकाळी पॅरिसचे आर्चबिशप आफ्र हातात हिरवी फांदी घेऊन समेटासाठी पुढे आले. गोळीबार थांबला, पुन्हा सुरू झाला, कुठून तरी गोळी लागली आणि दोन दिवसांनी ते गेले. नोत्र दाममध्ये त्यांचं संगमरवरी स्मारक आहे. त्याच बॅरिकेडमागे मेलेल्या सुतारांचं मला तरी कुठे काही दिसलं नाही.

थोडं पुढे, १५१ नंबरच्या घरावर बोदँ नावाच्या आमदाराची पाटी आहे. २ डिसेंबर १८५१ ला लुई नेपोलियनने, म्हणजे पुढच्या तिसऱ्या नेपोलियनने, सत्ता बळकावली. दुसऱ्या दिवशी काही आमदार या रस्त्यावर आले आणि कामगारांना उठा म्हणू लागले. कामगार ढिम्म. साडेतीन वर्षांपूर्वी संसदेच्याच हुकमाने त्यांच्यावर तोफा चालल्या होत्या, नंतर त्यांच्यातल्या लाखोंचा मताधिकारही हिरावला होता. कोणीतरी टोमणा मारला की तुमचे दिवसाचे पंचवीस फ्रँक वाचवायला आम्ही मरायचं का? पंचवीस फ्रँक हा आमदारांचा भत्ता. पंचवीस फ्रँकसाठी माणूस कसा मरतो ते बघा, असं म्हणून बोदँ बॅरिकेडवर चढला आणि मेला, अशी कथा आहे. संवाद नंतर घासूनपुसून घेतलेला असू शकतो, मरण मात्र खरं. १८८९ मध्ये त्याला पँथिऑनमध्ये, देशातल्या थोरांच्या समाधिस्थळात, नेऊन ठेवलं.

शुक्रवार

सकाळी सँ-मेरी चर्चच्या आसपास फिरलो. जून १८३२ मध्ये जनरल लामार्कच्या अंत्ययात्रेतून बंड उसळलं आणि शेवटचे लोक इथल्या गल्ल्यांत अडकून मारले गेले. त्या वर्षी पॅरिसमध्ये कॉलऱ्याने हजारो माणसं नेली होती, लामार्कसुद्धा त्यातच गेला. दोन दिवसांचं फसलेलं बंड. व्हिक्टर ह्यूगोने तीस वर्षांनी 'ले मिझराब्ल' या कादंबरीत घेतलं नसतं तर आज ते कोणाला आठवलंही नसतं. कादंबरीतलं बॅरिकेड ज्या गल्लीत आहे ती गल्ली शोधू नका, राम्ब्युतो रस्त्याने ती गिळली. आणि ह्यूगो स्वतः? जून १८४८ मध्ये तो संसदेचा सदस्य होता. बॅरिकेड्सवर जाऊन लोकांना शरण यायला सांगण्यासाठी जे साठ प्रतिनिधी नेमले त्यांच्यापैकी एक. म्हणजे बॅरिकेडच्या अलीकडे, सैनिकांच्या बाजूला. बोदँच्या वेळी मात्र तो पलीकडे होता आणि त्यापायी त्याने बरीच वर्षं देशाबाहेर काढली.

दुपारी नगरपालिकेच्या मागे नदीला समांतर जाणाऱ्या ओतेल द व्हील रस्त्यावर गेलो. त्याचं जुनं नाव मॉर्तेलरी. मेसोनिए नावाच्या चित्रकाराने जून १८४८ चं एक चित्र काढलंय ते इथलं. तो राष्ट्रीय रक्षकदलात तोफखान्याचा कॅप्टन होता, म्हणजे सरकारच्या बाजूने. बॅरिकेड पडल्यावर त्याने जे पाहिलं तेच काढलं. अरुंद गल्ली, बंद खिडक्या, उखडलेले दगड आणि दगडांमध्येच मिसळून गेलेली प्रेतं. झेंडा नाही, पुढारी नाही, कोणाचा हात वर नाही. चित्र जेमतेम २९ बाय २२ सेंटीमीटरचं, वहीच्या पानाएवढं. मी फोनवर ते उघडून रस्त्यात उभी राहिले. एक सायकलवाला घंटी वाजवून वैतागला.

लूव्र शुक्रवारी रात्रीपर्यंत उघडं असतं, गर्दीही जरा ओसरते. देलाक्रवाचं १८३० चं चित्र मोनालिसापासून फार लांब नाही. सव्वातीन मीटर रुंद. हातात तिरंगी झेंडा घेतलेली उघड्या छातीची स्वातंत्र्यदेवता, बाजूला दोन पिस्तुलं नाचवणारा पोरगा, उंच टोपीवाला बंदूकधारी आणि पायाशी मढी. २०२४ मध्ये त्याच्यावरचं पिवळं पडलेलं व्हार्निश काढलं, त्यामुळे निळा आता खरोखर निळा दिसतो. देलाक्रवा स्वतः लढला नव्हता. देशासाठी लढलो नाही तर निदान चित्र तरी काढीन, असं त्याने भावाला कळवलं होतं.

बराच वेळ बघितल्यावर लक्षात आलं की चित्रातली माणसं बॅरिकेडच्या मागे नाहीतच. ती ते ओलांडून आपल्या अंगावर येतायत. फळ्या आणि दगड त्यांच्या पायाखाली आहेत. अडसर म्हणून रचलेली वस्तू इथे चौथरा झालीय. नव्या राजाच्या सरकारने चित्र विकत घेतलं, थोडे दिवस टांगलं आणि मग नजरेआड केलं. राजा स्वतः बॅरिकेड्सच्या जिवावर गादीवर बसला होता, रोज उठून ते चित्र बघणं त्याला कसं परवडणार? आणखी एक गंमत म्हणजे मेसोनिएने आपल्या त्या छोट्या चित्राचं जलरंगातलं रूप देलाक्रवालाच भेट दिलं होतं. मोठं चित्र काढणाऱ्याने छोटं चित्र घरी ठेवलं, हे मला फार आवडलं.

शनिवार

फोबूर द्यू ताँप्ल हा चढणीचा रस्ता. फोनची दुकानं, कबाब, चिनी किराणा, थोडासा आपल्या मस्जिद बंदरसारखा. इथल्या एका वरच्या खिडकीतून तिबो नावाच्या माणसाने जून १८४८ मध्ये फोटो काढले. एक २५ तारखेला हल्ल्याआधी, एक २६ ला हल्ल्यानंतर. पहिल्यात एकामागे एक बॅरिकेड्स आणि जवळजवळ निर्मनुष्य रस्ता. त्या काळी हललेला माणूस फोटोत यायचाच नाही, त्यामुळे बंड फोटोत आलं पण बंडखोर आले नाहीत. दुसऱ्यात सैनिक आणि तोफा. ते नीट आलेत, त्यांना आता पळायचं नव्हतं. जुलैच्या सुरुवातीला एका साप्ताहिकाने या फोटोंवरून कोरीव चित्रं छापली. बातमीसाठी फोटोचा आधार घेतल्याचं इतकं जुनं उदाहरण दुसरं क्वचितच असेल.

जून १८४८ बद्दल आपल्या शाळेत काही शिकवलं नाही. फेब्रुवारीत बॅरिकेड्स उभी राहिली, राष्ट्रीय रक्षकदलाने राजाला साथ द्यायचं नाकारलं, लुई फिलिप पळाला, प्रजासत्ताक आलं. बेकारांसाठी सरकारी कामं काढली, दिवसाला दोन फ्रँक. आपली रोजगार हमीच म्हणा. लाखावर लोकांनी नावं नोंदवली. एप्रिलमध्ये सगळ्या पुरुषांना मत मिळालं आणि खेड्यापाड्यांतून निवडून आली ती मालमत्तावाल्यांची सभा. तिला हा खर्च डोईजड वाटला. जूनमध्ये हुकूम निघाला की तरुणांनी फौजेत भरती व्हावं, बाकीच्यांनी पॅरिस सोडून बाहेरगावी कामाला जावं. २३ जूनला शहराचा पूर्व भाग बंद झाला. जनरल काव्हेन्याकने चार दिवसांत तोफांनी तो उघडला. अकरा हजारांहून जास्त लोकांना पकडलं, हजारोंना हद्दपारीची शिक्षा दिली. आणि गोळ्या झाडणाऱ्यांत सगळ्यात पुढे होतं फिरतं रक्षकदल, म्हणजे त्याच वस्त्यांतून पगारावर उचललेली विशीतली बेकार पोरं.

फेब्रुवारी आणि जूनची बॅरिकेड्स सारखीच होती. तेच दगड, त्याच उलथलेल्या गाड्या, बरीचशी माणसंही तीच. फेब्रुवारीत समोरच्याने बंदूक खाली केली, जूनमध्ये केली नाही. राजाविरुद्ध वकील, दुकानदार आणि सुतार एकाच बाजूला होते. निवडून आलेल्या सभेविरुद्ध सुतार एकटे पडले. मार्क्सचा सहकारी एंगल्सने १८९५ मध्ये लिहिलं की बॅरिकेडचा उपयोग भिंत म्हणून फारसा नव्हताच, सैनिकाचा निर्धार डळमळीत करायला होता. समोर दगडांच्या ढिगावर आपल्याच गल्लीतली बाई दिसली तर गोळी मारायची का, हा प्रश्न सैनिकाला पडायला हवा. त्यासाठी थोडा वेळ लागतो. बॅरिकेड तेवढा वेळ काढून देतं.

हा वेळच मिळू नये याची सोय ओसमानने केली. सरळ रुंद रस्ते, मोक्याच्या जागी बराकी, मोठ्या रस्त्यांवर दगडी फरसबंदीऐवजी खडीचा पृष्ठभाग. त्याचं सगळं काम बॅरिकेडच्या भीतीपोटी झालं असं म्हणणं अन्यायाचं होईल. गटारं, पाणी, उजेड, हवा यांचीही निकड होती आणि जमिनीच्या भावांचीही. पण रिपब्लिक चौकात उभं राहून तिथली भली मोठी बराक आणि तिथून सुटणारा व्होल्तेर बुलेव्हार पाहिला की हेतू कळतो.

चौकात त्या दिवशी मोर्चा होता. बाजूच्या रस्त्यांच्या तोंडाशी पोलिसांच्या गाड्या आडव्या लावलेल्या, बँकांच्या काचांवर प्लायवूड ठोकलेलं. मला एकदम घरी आल्यासारखं वाटलं. भाचा माझा हात धरून गल्लीत ओढत होता, "मावशी चल, इथं कधी अश्रुधूर सोडतील सांगता येत नाही." त्याच्या व्हिसाचं नूतनीकरण होतं, मी ओळखलं आणि गुपचूप गेले.

रविवार

बेलव्हील. ओसमानच्या पाडकामात मध्यवस्तीतून उठलेले गरीब इकडे चढावर येऊन राहिले, आणि १८७१ चं कम्यून, म्हणजे पॅरिसच्या बंडखोरांचं स्वतःचं सरकार, इथेच संपलं. १८ मार्चला मोंमार्त्रवरच्या तोफा न्यायला आलेल्या सैनिकांनी जमावावर गोळ्या झाडायला नकार दिला, सरकार व्हर्सायला पळालं. कम्यूनने मग बॅरिकेड्सचं चक्क खातं काढलं आणि त्याच्यावर नेमला नापोलियाँ गायार नावाचा चांभार. त्याने कॉन्कॉर्ड चौकाजवळ तटबंदीसारखं प्रचंड बांधकाम केलं आणि त्याच्यासमोर ऐटीत उभं राहून फोटो काढून घेतला. दिसायला झोकदार, पण व्हर्सायचं सैन्य समोरून आलंच नाही. ते घरांच्या भिंती फोडून बाजूच्या गल्ल्यांतून मागे उतरलं. आठवडाभरात हजारो माणसं मारली गेली, बरीचशी पकडल्यावर भिंतीशी उभी करून.

शेवटचं बॅरिकेड कोणतं यावर वाद आहे. स्वतः त्या लढाईत असलेला पत्रकार लिसागारे राम्पोनो गल्लीचं नाव घेतो. तिथे एकट्या माणसाने पाव तास बॅरिकेड लढवलं आणि निसटला. नाव कोणालाच कळलं नाही. आज ती चिंचोळी, उताराची गल्ली आहे, भिंतींवर ग्राफिटी. खाली फोंतेन-ओ-रुआ रस्त्यावर दुसऱ्या दावेदाराची पाटी आहे. तिथे कवी क्लेमाँ होता. जखमींना मलमपट्टी करायला आलेल्या लुईझ नावाच्या मुलीला त्याने आपलं चेरीच्या हंगामाचं गाणं पुढे अर्पण केलं. गाणं कम्यूनच्या आधीचं, साधं प्रेमगीत; अर्पणपत्रिकेने त्याचा अर्थ बदलला.

दुपारी पेर-लाशेज. आग्नेय कोपऱ्यातल्या भिंतीशी २८ मेला १४७ जणांना गोळ्या घातल्या. भिंतीवर एक साधी पाटी, समोर क्लेमाँची कबर, कोणीतरी ठेवलेली लाल फुलं. तिथून बरंच चालून ब्लांकी या जुन्या क्रांतिकारकाला भेटले. शिल्पकार दालूने केलेला ब्राँझचा पुतळा, चादरीखाली आडवा पडलेला हडकुळा म्हातारा. आयुष्याची तीसहून जास्त वर्षं तुरुंगात. कम्यूनच्या आदल्याच दिवशी अटक, म्हणजे ज्याची वाट पाहिली ते घडताना हा कोठडीत. त्याने १८६८ च्या सुमारास बॅरिकेडचं अंदाजपत्रक मांडलं होतं. एका बॅरिकेडला १४४ घनमीटर दगड, म्हणजे नऊ हजारांहून जास्त नग, म्हणजे ४८ मीटर रस्ता उखडायचा. मला बँकेतली कर्जप्रकरणं आठवली. पण त्याची खरी तक्रार वेगळी होती. १८४८ मध्ये प्रत्येक जण आपापल्या गल्लीत आपापलं बॅरिकेड राखत बसला, शेजारची गल्ली पडत असताना कोणी मदतीला गेलं नाही. आपल्याकडच्या युनियनांत मी याहून वेगळं काही पाहिलेलं नाही.

सोमवार

लॅटिन क्वार्टर. मोबेर चौक, १२ मे १५८८. इथे आणि आसपास बॅरिकेड्सचा पहिला गाजलेला दिवस घडला. राजा तिसऱ्या हेन्रीने शहरात स्विस पलटणी आणल्या. लोकांनी रस्त्यावर साखळ्या ताणल्या आणि माती-दगड भरलेली दारूची पिंपं ओळीने मांडली. पलटणी अडकल्या, दुसऱ्या दिवशी राजा पळाला. ऐकायला झकास. पण हे लोक लढत होते ते राजा प्रोटेस्टंटांशी पुरेसा कडक वागत नाही म्हणून. पुढे चर्चमधले धर्मगुरू होते आणि विद्यापीठाचे विद्यार्थी. पिंपांना विचारसरणी नसते.

तिथून चढत गेलं की गे-ल्युसाक रस्ता. १० मे १९६८ च्या रात्री विद्यार्थ्यांनी इथे मोटारी उलट्या करून साठेक बॅरिकेड्स उभी केली. वरच्या मजल्यांवरून लोक अश्रुधूर खाली बसावा म्हणून पाणी ओतत होते, आणि रेडिओवाले सगळं थेट ऐकवत होते. पहाटे पोलिसांनी सगळं साफ केलं. साडेतीनशेवर जखमी, पण त्या रात्री कोणी मेलं नाही. तीन दिवसांनी देशभर संप. म्हणजे बॅरिकेड टिकलं सहा-सात तास आणि काम करून गेलं. नंतर इथल्या दगडांवर डांबर ओतलं. मी वाकून पाहिलं, एका ठिकाणी डांबर उखडून खालचा दगड डोकावत होता. पुण्यातले पेव्हर ब्लॉक तर कोणी न लढताच उखडतात.

पॅरिसशी आपलाही एक धागा आहे. पारनेरचे पांडुरंग महादेव बापट, म्हणजे सेनापती बापट, १९०७-०८ च्या सुमारास इथे रशियन क्रांतिकारकांकडून बाँबची कृती मिळवायला आले होते. पण पुढे त्यांचा लढा वेगळ्याच वाटेने गेला. मुळशीच्या धरणाविरुद्ध शेतकऱ्यांबरोबर उभे राहिले आणि शेवटी रेल्वे अडवल्याबद्दल तुरुंगात गेले.

मंगळवार

दॅनफेर-रोशरो चौकातलं मुक्तिसंग्रहालय. तिकीट नाही. शंभरेक पायऱ्या उतरून वीस मीटर खाली तळघर, ऑगस्ट १९४४ मध्ये जर्मनांविरुद्धच्या उठावाचा पॅरिसमधला प्रमुख कर्नल रोल-तांगी याचं मुख्यालय. गुडघ्यांनी वर येताना शिव्या दिल्या. रोल-तांगी मूळचा धातुकामगार, स्पेनच्या यादवी युद्धात लढलेला. 'रोल' हे तिथे मेलेल्या मित्राचं नाव त्याने घेतलं. २२ ऑगस्टला 'सगळे बॅरिकेड्सवर चला' अशी पत्रकं लागली आणि झाडं, दगड, वाळूच्या गोण्या, लोखंडी जाळ्या, हाताला येईल ते रस्त्यावर आलं. सहाशेच्या आसपास बॅरिकेड्स. रणगाड्यांपुढे त्यांचा टिकाव लागला नसता हे रोलला माहीत होतं. जर्मनांच्या गाड्या फिरू द्यायच्या नाहीत, तोवर फ्रेंच जनरल लक्लेर्कचे रणगाडे पोचतात का बघायचं, एवढाच हिशेब. ते २४ च्या रात्री पोचायला लागले. २५ ला जर्मन सेनापतीने शरणागती दिली, कागदावर लक्लेर्कबरोबर रोलचीही सही आहे. ती सही बघून द गॉलच्या कपाळाला आठी पडली होती. शहर सैन्याने सोडवलं की बॅरिकेडवरच्या लोकांनी, हा प्रश्न त्या सहीत होता.

बाहेर आल्यावर भाच्याने चौकाच्या कडेची निळी पाटी दाखवली. अव्हेन्यू द्यू कर्नल आँरी रोल-तांगी. आम्ही बोलत बोलत चालायला लागलो आणि वाक्य पुरं व्हायच्या आत तो संपला. एवढ्या लांब नावाचा इतका आखूड रस्ता मी पहिल्यांदाच पाहिला.